नात्याचा समाधानकारक पुरावा

भारतीय तुरुंगव्यवस्थेवर लिहिणाऱ्या बहुतेक ग्रंथकारांनी आजवर आपले सारे लक्ष आतल्या माणसावर खर्च केले असून, त्याला भेटण्यासाठी फाटकाबाहेर पिशवी घेऊन उभ्या असलेल्या माणसाची जवळजवळ उपेक्षाच केली आहे. ही उपेक्षा समर्थनीय नाही, कारण आतल्या माणसाविषयी राज्यसंस्थेने निदान एकदा काहीतरी निर्णय घेतलेला असतो, तर बाहेरच्या माणसाविषयी तिला दर भेटीला नव्याने निर्णय घ्यावा लागतो. तुरुंगाच्या परिभाषेत अशा भेटीला मुलाखत म्हणतात; ज्याच्यावरील आरोप अजून सिद्ध व्हायचा आहे तो न्यायबंदी, म्हणजे बोलीतला कच्चा कैदी, आणि ज्याचा गुन्हा सिद्ध झाला तो सिद्धदोष, म्हणजे पक्का कैदी. मुलाखतीस येणाऱ्यांची अशी वर्गवारी कोणत्याही नियमपुस्तकात केलेली नसली, तरी व्यवहारात ती अस्तित्वात आहे, आणि कागदपत्रांनी सिद्ध होईपर्यंत प्रत्येक आई ही कच्ची आईच असते.

या व्यवस्थेचा पाया १८९४ च्या कारागृह अधिनियमात सापडतो. त्याच्या कलम ४० ने असे ठरवले की, दिवाणी बंदी आणि दोष सिद्ध न झालेला फौजदारी बंदी यांना ज्यांच्याशी बोलावेसे वाटेल, अशा व्यक्तींना योग्य वेळी व योग्य निर्बंधांखाली तुरुंगात प्रवेश देण्याची व्यवस्था असावी. या तरतुदीत बोलण्याची इच्छा बंद्याची आहे, वेळ आणि निर्बंध शासनाचे आहेत, आणि भेटणाऱ्याच्या वाट्याला फक्त येऊन उभे राहणे आले आहे, याकडे भाष्यकारांचे पुरेसे लक्ष गेलेले दिसत नाही. योग्य म्हणजे काय, हे सांगण्याचा मोह मसुदाकारांनी कटाक्षाने टाळल्यामुळे त्या मोकळ्या जागेवर राज्यांची नियमावली, तिच्यावर अधीक्षकांची परिपत्रके आणि सर्वांच्या वर खिडकीमागच्या शिपायाची त्या दिवशीची मनःस्थिती, असे मजले पुढे चढत गेले. तुरुंग हा राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीप्रमाणे राज्यांच्या अखत्यारीतला विषय असल्याने एका राज्यात चालणारे ओळखपत्र दुसऱ्या राज्यात का चालत नाही, असा प्रश्न विचारणे हे संघराज्याच्या तत्त्वाविषयीचे अज्ञान समजले जाते. केंद्राने २०२३ मध्ये नवा आदर्श अधिनियम तयार करून राज्यांकडे धाडला. फाटकाबाहेरची रांग जुन्या कायद्याशी अधिक एकनिष्ठ आहे.

नात्याच्या पुराव्याचा प्रश्न हा या शास्त्राचा गाभा असल्याने त्याचा थोडा विस्ताराने विचार करणे आवश्यक ठरते. डी. के. बसू खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये असे बंधन घातले की, अटक करताना तयार होणाऱ्या कागदावर अटक झालेल्याच्या कुटुंबातील एखाद्या व्यक्तीची अथवा त्या वस्तीतील प्रतिष्ठित व्यक्तीची साक्षीदार म्हणून सही असावी, आणि अटकेची माहिती नातेवाइकाला किंवा हितचिंतकाला कळवली जावी. त्या रात्री दारात उभ्या असलेल्या बाईला तूच याची आई का, एवढेच विचारले जाते, तिने मान हलवली की नाते सिद्ध होते, आणि तिचा अंगठा किंवा सही घेताना तिचे आधार कार्ड, रहिवासाचा दाखला, दोन छायाचित्रे यांपैकी काहीही लागत नाही. हीच बाई आठवड्याभराने तुरुंगाच्या खिडकीशी पोहोचते तेव्हा मात्र शासनाला तिच्या मातृत्वाविषयी गंभीर शंका येऊ लागतात. माणूस नेताना जे नाते उघड असते, ते माणूस दाखवताना संदिग्ध होते, असा सिद्धान्त यावरून मांडता येईल, आणि त्याला अपवाद सापडणे कठीण आहे.

लग्न होऊन सासरी गेलेल्या मुलीच्या कार्डावर नवऱ्याचे नाव असल्यामुळे ती बापाची कोणी लागत नाही. उलट लग्नानंतर ज्या पत्नीने कार्डावरचे माहेरचे नाव बदलले नाही, ती नवऱ्याची कोणी लागत नाही. म्हणजे स्त्रीने नाव बदलले तर तिने बापाला अटक होणार नाही याची, आणि न बदलले तर नवऱ्याला अटक होणार नाही याची खबरदारी घ्यावी, अशी शासनाची अपेक्षा दिसते. मामेभाऊ, आतेभाऊ, सावत्र आई, चुलत्याने वाढवलेला पुतण्या यांची गणना कोणत्या रकान्यात करावी, याबद्दल खिडकीपरत्वे मतभेद आहेत. मित्राची स्थिती सर्वांत बिकट होय, कारण मैत्रीची नोंदणी करणारे निबंधक कार्यालय शासनाने अद्याप उघडलेले नाही. केंद्राच्या २०१६ च्या आदर्श कारागृह नियमपुस्तिकेने मित्रांना भेटीस पात्र मानले आहे, हे खरे; परंतु तिने असेही सुचवले आहे की, भेटीस येण्याची शक्यता असलेल्यांची यादी बंद्याने तुरुंगात दाखल होतानाच द्यावी. ज्या दिवशी माणसाला घरच्यांचा एक मोबाइल क्रमांक धड आठवत नाही, त्या दिवशी त्याने आयुष्यातील सर्व जिव्हाळ्याच्या संबंधांची खानेसुमारी करून ती स्वाक्षरीनिशी सादर करावी, आणि ज्याचे नाव सुचले नाही तो मित्र नव्हताच असे समजावे, ही कल्पना ज्याला सुचली त्याच्या मित्रपरिवाराविषयी कुतूहल वाटते.

या सर्व अडचणींवर संगणकीय उपाय म्हणून ई-मुलाकात ही सुविधा अस्तित्वात आली, आणि २०२० च्या टाळेबंदीत प्रत्यक्ष भेटी बंद पडल्यावर पडद्यावरच्या भेटीला विशेष चालना मिळाली. तीत अर्जदाराने स्वतःची माहिती भरल्यानंतर बंद्याचे नाव, त्याच्या वडिलांचे नाव, वय इत्यादी तपशीलही भरायचे असतात, म्हणजे जो माणूस शासनाच्या ताब्यात आहे त्याच्याविषयीची माहिती ज्याच्या ताब्यात तो नाही त्याने शासनाला पुरवायची असते. मग मोबाइलवर सांकेतिक अंक येतो, अर्ज दाखल होतो, आणि मंजुरीची वाट पाहण्याचा कालखंड सुरू होतो. पूर्वी ही वाट फाटकाबाहेर उन्हात पाहावी लागे आणि आता ती घरी बसून पाहता येते, ही प्रगती नाकारण्यात अर्थ नाही. एवढेच की उन्हात निदान पुढे किती माणसे आहेत ते दिसत असे.

मंजुरी मिळाल्यानंतर काय बोलावे, याविषयीही शासनाने मार्गदर्शन करून ठेवले आहे. उपर्युक्त नियमपुस्तिकेनुसार भेट सर्वसाधारणपणे अर्ध्या तासाहून अधिक नसावी, एका वेळी साधारणतः तिघांनीच भेटावे, आणि संभाषण खासगी व घरगुती विषयांपुरते मर्यादित असावे. तुरुंगाचे प्रशासन, तिथली शिस्त, इतर बंदी आणि राजकारण यांचा उल्लेख त्यात येऊ नये. हा नियम काटेकोरपणे पाळायचे ठरवल्यास आईने मुलाला जेवलास का, असे विचारणे ही प्रशासनावरील टिप्पणी ठरते. झोप लागते का, हा प्रश्न तर मुंबईच्या आर्थर रोड तुरुंगात विचारताच येणार नाही, कारण त्या तुरुंगात मंजूर क्षमतेच्या कितीतरी पट, अनेकदा तीन हजारांहून अधिक माणसे कोंबलेली असतात, आणि म्हणून तिथल्या झोपेविषयीचे कोणतेही प्रामाणिक उत्तर इतर बंद्यांच्या उल्लेखावाचून पूर्ण होऊ शकत नाही. बहिणीचे लग्न मोडले, ही माहिती घरगुती असल्याने देता येते, परंतु ते का मोडले हे सांगू लागताच संभाषण तुरुंगाच्या दिशेने घसरते. घराचे भाडे थकले आहे, हे सांगता येते; सरकार कधी बदलणार, हे विचारता येत नाही. सर्व कसोट्यांवर निर्विवाद उतरणारे एकच वाक्य उरते, ते म्हणजे बरे आहे, आणि काचेच्या दोन्ही बाजूंनी, इंटरकॉमचा रिसीव्हर कानाला लावून, शेजारच्या भेटकऱ्यांच्या आवाजावर आवाज चढवत, तेच वाक्य आलटून पालटून म्हटले जाते.

भेट किती वेळा मिळावी, या प्रश्नावरील सर्वांत उद्बोधक प्रकरण १९८१ मध्ये न्या. भगवती यांच्या लेखणीतून निकालात निघाले. फ्रान्सिस कोराली मुलिन या ब्रिटिश महिलेला १९७९ मध्ये दिल्लीच्या तिहार तुरुंगात स्थानबद्ध करण्यात आले होते. स्थानबद्धता म्हणजे केलेल्या गुन्ह्याची शिक्षा नव्हे, तर पुढे काही करू नये म्हणून खटल्याविना केलेली कैद. तिची सुमारे पाच वर्षांची मुलगी तिच्या बहिणीपाशी होती, आणि या दोघींना महिन्यातून एकदाच भेटीची मुभा होती. त्याच तुरुंगात सिद्धदोष बंद्याला आठवड्यातून एकदा आणि न्यायबंद्याला आठवड्यातून दोनदा भेट मिळत असल्यामुळे, जिच्यावर खटलाच चालवायचा नव्हता तिला सर्वांत कमी भेटी का, असा प्रश्न सर्वोच्च न्यायालयाला पडला. वकिलाला भेटायचे तर जिल्हा दंडाधिकाऱ्याने वेळ ठरवून द्यायची आणि सीमाशुल्क खात्याचा अधिकारी हजर राहायचा, अशीही अट होती. हा अधिकारी नेमल्या वेळी न फिरकल्याने वकिलाला भेटीविना परतावे लागल्याचे प्रकरणात नोंदले गेले आहे. न्यायालयाने या अटी घटनेच्या कलम १४ व २१ शी विसंगत ठरवल्या, आप्तेष्टांना भेटणे हा जगण्याच्या अधिकाराचाच भाग असल्याचे सांगितले, आणि वकिलाच्या भेटीवर नजर ठेवायचीच असेल तर ती ऐकू येणार नाही इतक्या अंतरावरून ठेवावी, असे स्पष्ट केले. निकाल अर्थातच अतिशय मान्यवर आहे. कायद्याच्या अभ्यासक्रमात तो सर्वत्र शिकवला जातो, आणि फाटकावरच्या खिडकीपर्यंत तो अद्याप पोहोचला नसेल तर त्याचाही अर्ज बहुधा प्रलंबित असावा.

नातेवाइकांपेक्षा संशोधकांना तुरुंगाचे दार अधिक सहज उघडते, असेही एक निरीक्षण नोंदवता येईल. शीला बर्से या पत्रकर्तीला १९८२ मध्ये महाराष्ट्रातील महिला बंद्यांशी बोलण्याची परवानगी मिळाली आणि तिने ध्वनिमुद्रण सुरू करताच ती काढून घेण्यात आली, तेव्हा अशा भेटी एरवी संशोधकांनाच दिल्या जातात, असे तिला कळवण्यात आले होते. बंद्याविषयी ज्याला आस्था आहे त्याच्यापेक्षा ज्याला फक्त विषय आहे तो कमी उपद्रवी, हे त्यामागचे तर्कशास्त्र बिनतोड आहे.

भेटणारा जे आणतो किंवा धाडतो, त्याचीही परीक्षा होते. एल्गार परिषद प्रकरणातील आरोपी गौतम नवलखा तळोजा तुरुंगात असताना त्यांच्या घरच्यांनी पाठवलेले पी. जी. वुडहाउसचे पुस्तक सुरक्षेला धोका म्हणून परत करण्यात आले, आणि २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाला हा सारा प्रकार हास्यास्पद वाटला. वुडहाउसच्या जगात गाईच्या आकाराचे चांदीचे दूधपात्र पळवण्यापलीकडे फारसे गंभीर गुन्हे घडत नाहीत, हे न्यायमूर्तींना माहीत असावे. परंतु तुरुंगाच्या बाजूनेही विचार करायला हवा: ज्या बराकीत कोणी एकटाच, विनाकारण, मोठ्याने हसतो आहे, तिथली शिस्त सांभाळणे सोपे नसते.

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या आकडेवारीप्रमाणे २०२२ च्या अखेरीस देशातील तुरुंगांत सुमारे ५ लाख ७३ हजार माणसे होती, आणि त्यांतील सुमारे ४ लाख ३४ हजार कच्चे कैदी होते. त्यांच्या कुटुंबांनी या मंजुरीव्यवस्थेला शोधलेला खरा पर्याय म्हणजे न्यायालयाची तारीख. त्या दिवशी बंद्याला पोलीस पहाऱ्यात आणले जाई, व्हरांड्यात बाकावर बसवले जाई, आणि वकिलाने विनंती केल्यास न्यायाधीश आईला दहा मिनिटे त्याच्याशेजारी बसण्याची तोंडी परवानगी देत. डब्यातली पोळी, मुलाच्या डोक्यावरून फिरलेला हात, वकिलाच्या फीची कुजबुज, सारे काही त्या बाकावर उरकून जाई, आणि राजकारण निषिद्ध असल्याचे कोणाच्या लक्षातही येत नसे. पहाऱ्यासाठी पोलीस मिळत नाहीत म्हणून आता बंद्याला अनेकदा पडद्यावरच हजर केले जाते. पहाऱ्याचा खर्च वाचतो, आणि जी एकमेव भेट कोणाच्या शिक्क्यावाचून चालत होती, तीही व्यवस्थेच्या कक्षेत येते. याची भरपाई म्हणून महाराष्ट्रात गळाभेट नावाचा उपक्रम राबवला जातो, ज्यात बंद्यांच्या लहान मुलांना काचेच्या अडसराविना आईबापांना भेटता येते. मुले त्या दिवशी खरोखर हरखून जातात, हे मान्य करूनही असे म्हणावेसे वाटते की, ज्या समाजात बापाने लेकराला जवळ घेणे हा उपक्रम होतो, तिथे त्याचा अहवालही तयार होणारच.

येथवरच्या विवेचनावरून मंजुरीवाचून तुरुंगात जाताच येत नाही, असा वाचकाचा ग्रह होण्याची शक्यता असल्याने एक दुरुस्ती आवश्यक आहे. १८९४ च्या त्याच अधिनियमाने कलम ४२ मध्ये, निषिद्ध वस्तू आत नेणाऱ्याला किंवा नियमाबाहेर जाऊन बंद्याशी संपर्क साधण्याचा नुसता प्रयत्न करणाऱ्यालाही सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोनशे रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्हींची तरतूद करून ठेवली होती. या मार्गाने जाणाऱ्याला नात्याचा दाखला, आधार कार्ड, मोबाइलवरचा सांकेतिक अंक यांपैकी काहीही लागत नाही, अर्ज प्रलंबित राहत नाही, आणि नेण्याआणण्याची व्यवस्था शासन स्वखर्चाने करते. आत गेल्यावर पहिल्याच दिवशी त्याच्यापुढे एक कोरा कागद ठेवला जातो, आणि त्याला भेटायला कोण कोण येण्याची शक्यता आहे, त्यांची नावे नात्यासह लिहून द्यायला सांगितले जाते.