बिलात सहा लिटर भरणाऱ्या उस्तादांस

प्रिय उस्ताद,



आपली नि माझी ओळख नाही. आपलं नाव मला ठाऊक नाही, गॅरेज मी पाहिलेलं नाही, आणि बिलावरचा शिक्का इतका फिका उठलाय की पॅडला शाई घालण्यातही आपण काटकसर केली असावी. तरी आपल्या हातांशी माझा अलीकडेच इतका जवळून परिचय झाला की चार ओळी लिहिल्यावाचून राहवत नाही. पत्ता नाही म्हणून पत्र उघड्यावर टाकतोय. ज्याचं त्याला बरोबर पोचेल.

मी एक जुनी लॉरा गाडी घेतली. दोन लिटरचं डिझेल इंजिन, सहा गिअरांचा डीएसजी गिअरबॉक्स. आमच्या छत्रपती संभाजीनगरच्या वेशीबाहेर शेंद्र्याला जुळवलेली, म्हणजे तशी माहेरवाशीणच. मागच्या मालकांनी किल्लीसोबत कागदांची जाडजूड फाईल हातात दिली आणि ‘गिअरबॉक्सचं सगळं करून घेतलंय हो’ असं निक्षून सांगितलं. फाईलमध्ये आपलं बिल होतं : गिअरबॉक्स ऑईल ६ लिटर, फिल्टर १ नग, वॉशर १ नग, मजुरी वेगळी. खाली बॉलपेननं ‘चेक्ड ओके’ आणि त्याखाली दोन रेघा. एकीनं भागलं असतं, पण आपला आत्मविश्वासच दांडगा.

गाडीला मात्र हे बिल कुणी वाचून दाखवलं नसावं. सकाळी रिव्हर्स टाकला की ती आधी थरथरायची, मग एक हिसका देऊन मागे सरकायची. चाळीसगावहून औट्रम घाट चढताना, ट्रकांच्या मागे रांगत असताना, डॅशबोर्डावरची गिअरची अक्षरं एकाएकी लुकलुकायला लागली. नवं तेल, नवा फिल्टर, वर ‘चेक्ड ओके’, तरी हे नखरे! म्हटलं, दुसऱ्या कुणा उस्तादांना तसदी देण्याआधी आपणच उघडून बघावं.

थोडं आपल्याच धंद्यातलं सांगतो, आपण कुठेतरी ऐकलेलं असेलच. ह्या गिअरबॉक्समध्ये क्लच दोन. एकाकडे पहिला, तिसरा, पाचवा आणि रिव्हर्स. दुसऱ्याकडे दुसरा, चौथा, सहावा. एका गिअरवर गाडी चालू असतानाच पुढचा गिअर दुसऱ्या बाजूला जोडून तयार असतो. एक क्लच सुटता सुटता दुसरा धरतो, म्हणून बसणाऱ्याला काही कळत नाही. अडॉल्फ केग्रेस ह्या फ्रेंच इंजिनिअरानं १९३९ साली ही कल्पना मांडली आणि शोरूममध्ये जाऊन विकत घेता येईल अशा गाडीत ती यायला २००३ साल उजाडलं. एवढी वर्षं एवढी डोकी खपली ती शेवटी आपल्या हातोड्याखाली येण्यासाठी, हे त्यांना कळतं तर त्यांनी वेळेतच दुसरं काम बघितलं असतं.

सहा गिअरांच्या ह्या प्रकारात दोन्ही क्लच तेलात बुडालेले असतात. तेच तेल दात्यांना वंगण देतं, तेच क्लच थंड ठेवतं, आणि त्याच्याच दाबावर मेकॅट्रॉनिक हा नियंत्रण करणारा भाग गिअर बदलतो. क्लचच्या प्लेटा झिजतात तो चुराही त्याच तेलात उतरतो. म्हणून दर ६०,००० किलोमीटरला तेल आणि फिल्टर बदला, असं बनवणारेच सांगतात. ह्याचा धाकटा भाऊ सात गिअरांचा, कोरड्या क्लचचा. त्याच्या गिअरांना १.७ लिटर तेल पुरतं आणि ते बदलायचं वेळापत्रकच नसतं. ह्या दोघांची गल्लत करून ‘सील्ड आहे साहेब, हात लावायचा नसतो’ असं ठणकावणारे आपले व्यवसायबंधू मला भेटले आहेत. त्यांच्याविषयी आता मला नितांत आदर वाटतो. त्यांनी हात लावला नाही आणि बिलही लावलं नाही.

बाकी धाकट्याचंही तेलावरून एक प्रकरण झालेलं आहे. नोव्हेंबर २०१३ मध्ये हे गिअरबॉक्स बनवणाऱ्या फोक्सवॅगननं जगभरातल्या सोळा लाख गाड्या परत बोलावल्या, त्या त्याच्यातलं सिंथेटिक तेल काढून मिनरल घालण्यासाठी. उष्ण-दमट हवेत त्या तेलापायी गिअरबॉक्सच्या वीजपुरवठ्यात शॉर्टसर्किट होण्याचा धोका होता. तेल म्हणजे तेल, त्यात काय एवढं, असं मानणाऱ्या मंडळींसाठी सांगितलं. आपण त्यातले नाही. आपलं मत तेलाशिवायही चालतं असं आहे, हे मला पुढे कळलं.

मी सुरुवात वरून केली. फिल्टर असतो गिअरबॉक्सच्या माथ्यावर, काळ्या प्लास्टिकच्या टोपीखाली, आणि तिथवर हात पोचायला एअर फिल्टरचा डबा, बॅटरी आणि बॅटरीचा ट्रे हलवावा लागतो. ट्रेच्या एका बोल्टाच्या डोक्यावर कुंभारमाशीनं घर बांधलेलं होतं. सुकलेली लाल माती, नखाएवढं भोक, पिल्लं केव्हाच उडून गेलेली. तिच्या संसाराला धक्काही न लावता आपण फिल्टर बदललात, ह्या भूतदयेला काय म्हणावं! घर नंतर बांधलं असेल, असं आपण म्हणाल. म्हणून टोपी २४ च्या सॉकेटनं उघडून फिल्टर बाहेर काढला. कागद काळाकुट्ट, घड्या आत दबलेल्या. टोपीची रबरी रिंग गोल असायची, ती चपटी होऊन प्लास्टिकसारखी कडक झालेली. वाकवली तर तुटली. बिलातला १ नग हाच असेल तर आपण तो फार जुन्या साठ्यातून काढलात.

मग गाडी चार लोखंडी घोड्यांवर घेतली. चारही बाजूंनी, कारण गाडी पुढून उचललेली आणि मागून टेकलेली असली तर तेलाची पातळी खोटी दिसते. गवंड्याची पाणसळ लावून तपासलं. शेजारचे काका कुंपणावरून बघत होते. ‘गॅरेजला का नाही टाकत? त्यांना कळतं,’ असं म्हणाले. मी त्यांना आपलं बिल दाखवलं. ‘झालंय की मग!’ म्हणून ते चहाला गेले.

खालचं पॅनल काढल्यावर आपल्या कामाचं खरं दर्शन घडलं. ड्रेन बोल्टावर पिवळ्या रंगाचा टिळा, तपासून कसल्याची खूण. टिळा सुबक आहे, पण बोल्टाचं काही खरं नाही. त्याला १४ ची आलन-की लागते. आपण त्यापेक्षा बारीक काहीतरी घालून ठोकलंत, पिरगाळलंत, आणि सहाच्या सहा कडा गोल करून ठेवल्यात. कडेनं लाल गॅस्केट पेस्टची जाड झालर. वॉशर बिलात आहे, बोल्टाला जी आहे ती जुनीच, पेस्टमध्ये पुरलेली. शेवटी एक जाडा टॉर्क्स बिट आत ठोकून बसवला तेव्हा कुठे बोल्ट हलला.

आता ज्या भागासाठी हे पत्र, तो. बोल्ट निघाला आणि थेंबही पडला नाही. नीट भरलेल्या, बंद इंजिनाच्या गिअरबॉक्समधून इथे बऱ्यापैकी तेल यायला हवं. मग धार थांबते. का थांबते? कारण त्याच भोकात आत एक प्लास्टिकची नळी उभी असते. तिच्या तोंडाच्या वर जेवढं तेल असेल तेवढंच बाहेर पडतं, बाकीचं आतच राहतं. ह्या गिअरबॉक्सला डिपस्टिक नाही. ही नळी हेच त्याचं माप. तेल खरोखर काढायचं तर आत ८ ची आलन-की घालून नळी फिरवून काढावी लागते, आणि मग ते धो-धो येतं. मी विजेरी धरून पाहिलं. नळीचा षट्कोन कोरा करकरीत, एक ओरखडा नाही. कारखाना सोडल्यापासून तिला कुणी शिवलेलंच नव्हतं. नळी काढली, तेल खुणांच्या बादलीत धरलं. काळं, करपट वासाचं, चार लिटरला थोडं वर. यायला हवं होतं सव्वापाचच्या घरात.

त्या बादलीशेजारी बसून मी आपला बराच विचार केला, उस्ताद. आपण चोर की अडाणी? निव्वळ चोर असतात तर बोल्टाला हातच लावला नसता, बसल्या जागी बिल फाडलं असतं. आपण घाम गाळलाय. म्हणजे सुरुवातीला आपला हेतू स्वच्छ होता, आणि हे मी मनापासून म्हणतो. बोल्ट निघाला, लिटरभर तेल आलं, धार थांबली, आपल्याला वाटलं गिअरबॉक्स रिकामा. मग नवे डबे घेऊन आपण गाडीभोवती फिरला असाल. भरायचं कुठून? वरून भरायचं तर फिल्टरची टोपी उघडायला हवी, तिथे कुंभारमाशी. खालून भरायचं तर त्या भोकात बसणारा अडॅप्टर हवा, तो आपल्याकडे नाही. कुणाला विचारावं तर उस्तादपण जातं. मग आपण इकडेतिकडे पाहिलंत, बोल्ट परत लावलात, पेस्ट फासलीत, टिळा लावलात आणि बॉलपेन उघडलंत. माझ्या मते गुन्हा नेमका तिथे घडला. आधीचं सगळं अज्ञान होतं, ते माफ. काढलेलं लिटरभर तेल परत न घालता दोन रेघा मारल्यात, त्या माफ नाहीत. आणि त्या मारता आल्या, कारण ह्या यंत्राला डिपस्टिक नाही, मालक काडी ओढून बघू शकत नाही, हे आपल्याला एव्हाना चांगलं कळलं होतं. शिकण्याची तयारी आपल्यात आहे, फक्त विषय चुकतो.

पुढे कधी कुणाची गाडी आलीच, तर कसं करतात ते लिहून ठेवतो. नळी हातानंच बसवायची, जोर करायचा नाही, प्लास्टिक आहे. नवा फिल्टर, नवी रिंग. डब्यावर जी ०५२ १८२ ह्या नंबरचं तेल, फिल्टरच्या जागेतून नरसाळं नि पाईप लावून सावकाश, पाच लिटरच्या वर थोडं. मग इंजिन चालू करायचं, ब्रेक दाबून लिव्हर प्रत्येक अक्षरावर काही सेकंद थांबवत फिरवायचा आणि परत पी वर आणायचा. गाडीच्या ओबीडी सॉकेटला स्कॅनर लावून गिअरबॉक्सच्या तेलाचं तापमान बघत राहायचं. ते ३५ ते ४५ अंशांच्या मध्ये असताना, इंजिन चालूच ठेवून, बोल्ट उघडायचा. जास्तीचं तेल नळीवरून वाहतं. धार तुटून थेंब थेंब पडायला लागले की बोल्ट नव्या वॉशरसह बंद, टॉर्क पान्यानं ४५ न्यूटन-मीटर. हातोडा कुठेही लागत नाही.

तापमानाचा हा सोस कशाला, असं आपल्याला वाटेल. तेल तापलं की फुगतं. फार गरम असताना मोजलं तर नको तेवढं वाहून जातं आणि गाडी गार झाली की कमी पडतं. फार गार असताना मोजलं तर जास्त राहतं आणि दाते त्याचा फेस करतात. इंजिन बंद ठेवून मोजलं तर पंपानं वर खेचायचं तेलही खालीच बसलेलं असतं, तेही वाहून जातं. मराठवाड्यात मे महिन्याच्या दुपारी हवाच चाळिशी ओलांडते; पाना हातात घेण्याआधीच तेल पस्तिशीच्या पुढे गेलेलं. म्हणून हे काम उजाडता उजाडता करायचं, गाडी रात्रभर उभी ठेवून. माझा आकडा ३८ वर होता तेव्हा पहिला थेंब तुटला. काका तेव्हाही कुंपणावर होते. ‘चालू गाडीतनं तेल गळतंय,’ असं त्यांनी घरात ओरडून सांगितलं.

रिव्हर्स आता बिनबोभाट पडतो. घाटात अजून नेलेली नाही. कमी तेलावर चाललेल्या क्लचनं किती सोसलंय ते पुढच्या काही महिन्यांत दिसेल, आणि त्याचा खर्च आपल्या नावे मांडता येणार नाही, ह्याची खंत आहे. काढलेलं तेल कॅनमध्ये भरून ठेवलंय. २०१६ च्या नियमांप्रमाणे ते घातक कचऱ्यात मोडतं, परवाना असलेल्याकडेच द्यावं लागतं. आपल्याला ही अडचण आली नसणार, आपण फारसं काढलंच नाहीत.

राहता राहिला हिशेब. बिलातले सहा लिटर माझ्या गाडीत गेलेले नाहीत, म्हणजे ते कुठेतरी गेले. सीलबंद डबे विकून टाकले असतील तर आनंद आहे. पण पुढच्याच एखाद्या डीएसजीवाल्यानं ‘वरून भरतात’ असं आपल्याला शिकवलं असेल, आणि तिथेही धार थांबली म्हणून आपण नळी न काढता सहाच्या सहा लिटर ओतले असतील, तर त्या गाडीत ह्या क्षणी मापापेक्षा कितीतरी जास्त तेल घुसळलं जातंय आणि ब्रीदरमधून फेस बाहेर येतोय. त्या मालकांचा तेवढा फोन नंबर कळवा. खाली पिवळा टिळा असेल तर ओळखीन मी. नळी काढायला आठची आलन-की घेऊन येतो, आणि बोल्टासाठी एक जाडा टॉर्क्स बिट.

कळावे. लोभ आटोपता घ्यावा, ही विनंती.

आपला,
लॉराचा सध्याचा मालक