पेंडिंग फॉर इन्स्पेक्शन

पहाटे पावणेसहाला चिंचवड स्टेशनवरून कंपनीची बस सुटते. भोसरी येईपर्यंत निम्मी बस झोपते, मोशीला इंद्रायणीचा पूल ओलांडला की उरलेली निम्मी. जागे दोघेच, ड्रायव्हर आणि मी. त्यातला ड्रायव्हर तरी नक्की.

परवा रद्दीवाल्याकडे विलास सारंगांचं 'सिसिफस आणि बेलाक्वा' मिळालं. वजनावर. समीक्षेचं पुस्तक इतकं हलकं भरावं याचं त्यालाच वाईट वाटलं. डब्याच्या पिशवीत घालून ते बसमध्ये आणलं. शेजारी क्वालिटीतले अण्णा. योगायोगाने जागे. नाव वाचून म्हणाले, "कोण हे दोघं? पार्टनर का?"

सिसिफस सांगायला सोपा गेला. दगड डोंगरावर ढकलत न्यायचा, तो गडगडत खाली येणार, पुन्हा ढकलायचा.

"म्हणजे मंथली टार्गेट," अण्णा म्हणाले.

ग्रीकांना शिक्षा म्हणून सुचलं ते आमच्याकडे एक तारखेला बोर्डावर लिहितात.

बेलाक्वा हा दान्तेच्या महाकाव्यातला आळशी. पापक्षालनाच्या डोंगरावर एका थोराड दगडाच्या सावलीत, गुडघ्यांना मिठी मारून, त्यांत डोकं खुपसून बसलेला. जिवंतपणी पश्चात्ताप लांबवत राहिला, म्हणून तेवढीच वर्षं दाराबाहेर थांबायची सजा. मूळचा फ्लॉरेन्सचा, वाद्यं बनवणारा कारागीर म्हणतात. म्हणजे आपल्यातलाच, असेंब्लीचा माणूस. सॅम्युअल बेकेटला तो इतका आवडला की आपल्या सुरुवातीच्या कथांच्या नायकाला त्याने हेच नाव दिलं. हे सांगता सांगता समोर बघितलं, तर पलीकडच्या सीटवर अप्रेंटिस पोरगा: स्वेटरची टोपी नाकापर्यंत, पाय सीटवर, डोकं गुडघ्यांत. ओळख करून द्यायचं कामच उरलं नाही.

सारंग जन्माने कारवारचे, पेशाने इंग्रजीचे प्राध्यापक. काही वर्षं इराकात, बसऱ्याला शिकवलं. 'एन्कीच्या राज्यात' ही कादंबरी त्याच मुलखातली. कथा मराठीत लिहायचे आणि इंग्रजीतही. शिवाय समीक्षा. 2015 साली गेले. अशा माणसाला आपण 'प्रायोगिक' म्हणतो आणि सुटतो.

कंपनीत प्रयोगाला ट्रायल म्हणतात. ट्रायलच्या मालाला वेगळा टॅग बांधतात, तो रोजच्या मालात मिसळू देत नाहीत, पास होईस्तोवर कोपऱ्यात राहतो. सारंगांच्या पुस्तकांचं आपण नेमकं हेच केलं. टॅग बांधला, कोपरा दिला, आणि तपासायला कुणी फिरकलंच नाही. हे मी जरा तावातावानेच बोललो असणार, कारण अप्रेंटिसने कूस बदलली.

अण्णांनी धंद्याला जागून एवढंच म्हटलं, "पेंडिंग फॉर इन्स्पेक्शन."

मग पुस्तक मागून घेतलं, चष्मा चढवला आणि कास्टिंगमध्ये चीर शोधावी तसं मुखपृष्ठ तिरकं धरून पाहिलं. चाकणला तळेगाव चौकाच्या अलीकडे बस अडकली होती. पुढे कंटेनर, मागे कंटेनर.

"मला एक सांग," अण्णा म्हणाले. "हा दुसरा ज्याच्या सावलीत बसलाय, तो दगड त्या पहिल्याचाच ना?"

मी पुस्तक ओढून घेतलं आणि घाईघाईने पानं उलटायला लागलो. तेवढ्यात बस हलली, आणि पंचिंगला सातच मिनिटं उरली होती.