पहिल्या वर्षाची मोरी

गृहकर्ज म्हणजे तीस लाख रुपये बासष्ट लाखांना विकत घेण्याची रीत. रत्नागिरीत नाचणे रोड, कुवारबाव, खेडशी, शिरगाव या बाजूंना, म्हणजे कातळ फोडून जिथे जिथे ‘हाइट्स’ आणि ‘रेसिडेन्सी’ उभ्या राहिल्या तिथे, ही रीत विशेष रुळली आहे. कर्जाचे घटक तीन: मुद्दल, दर आणि मुदत. मुद्दल कर्जदाराला तोंडपाठ असते. दर आपल्याला ठाऊक आहे असे त्याला वाटते. मुदतीकडे मात्र तो हप्ता खाली आणण्याचा खटका म्हणूनच पाहतो आणि तो खटका बँकेतला साहेब आनंदाने दाबून देतो.

हिशेबासाठी चाळीस लाखांचा, ५५० चौरस फुटांचा फ्लॅट धरू. दहा लाख स्वतःचे: थोडे भविष्य निर्वाह निधीतून काढलेले, थोडे आईच्या पाटल्यांचे आणि उरलेले सासऱ्यांनी ‘परत द्यायची घाई नाही’ असे दोनदा बजावून दिलेले. तीस लाखांचे कर्ज ८.५ टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतले, तर महिन्याचा हप्ता २६,०३५ रुपये पडतो. असे २४० हप्ते भरले की बेरीज होते ६२ लाख ४८ हजार. म्हणजे व्याज ३२ लाख ४८ हजार. ही बेरीज करायला दहा रुपयांचा कॅल्क्युलेटरही चालतो, पण वास्तुशांतीच्या आधी तो कोणी हातात घेत नाही आणि नंतर घेण्यात अर्थ नसतो.

पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजात जातात आणि ४,७८५ मुद्दलात. यावरून ‘बँक आधी आपले व्याज कापून घेते’ असा समज पसरला आहे. तो चूक आहे. बँक त्या महिन्याच्या शिल्लक मुद्दलावर त्या महिन्याचे व्याज लावते, एवढेच. सुरुवातीला मुद्दल अख्खे शिल्लक असते म्हणून व्याजही अख्खे लागते. यात लबाडी काहीच नाही, त्यामुळे तक्रार कुठे करायची हा प्रश्न सुटत नाही.

परतफेडीचा तक्ता रुपयांऐवजी चौरस फुटांत वाचला तर अधिक स्पष्ट होतो. स्वतःच्या दहा लाखांत साधारण १३७ चौरस फूट येतात, म्हणजे हॉल, तोही गॅलरी सोडून. पहिल्या वर्षी कर्जदार ३ लाख १२ हजार रुपये भरतो. त्यांतले मुद्दलात जातात ५९,७०७. चाळीस लाखांना ५५० फूट या भावाने ही झाली आठ चौरस फूट जागा. म्हणजे मोरी. वर्षभर ओव्हरटाइम करून, गणपतीची सजावट अर्ध्यावर आणून आणि गोव्याची सहल पुढे ढकलून माणसाच्या मालकीची झाली ती मोरी. पाच वर्षांनी साडेपंधरा लाखांहून अधिक भरून झाल्यावर मुद्दलात गेलेली रक्कम ३ लाख ५६ हजार असते. एकूण ४९ चौरस फूट. सात बाय सातच्या या जागेत मोरीही धरलेली आहे. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त असा महिना पहिल्यांदा उगवतो तो १४३वा, म्हणजे बारावे वर्ष संपता संपता. कर्ज निम्मे फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. तोवर बेडरूममध्ये माणूस झोपतो तो बँकेचा पाहुणा म्हणून.

मुदतीच्या खटक्याचा परिणामही पाहण्यासारखा आहे. हेच कर्ज दहा वर्षांत फेडायचे तर हप्ता ३७,१९६ आणि एकूण व्याज साडेचौदा लाखांच्या थोडे वर. पंधरा वर्षांत हप्ता २९,५४२, व्याज २३ लाख १८ हजार. तीस वर्षांना हप्ता उतरतो २३,०६७ वर आणि व्याज चढते ५३ लाखांवर. म्हणजे विसाची तीस वर्षे केली की महिन्याला वाचतात २,९६८ रुपये आणि जास्तीचे जातात साडेवीस लाख. फॉर्म भरताना समोरच्या माणसाला यांतला पहिला आकडा ठळक अक्षरांत दाखवण्याची पद्धत आहे.

या ठिकाणी दामदुपटीची आठवण होणे साहजिक आहे. थकलेले व्याज एका वेळी मुद्दलाहून जास्त वसूल करता येणार नाही, हा धर्मशास्त्रांतला नियम. मनुस्मृतीत तो आहे आणि इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्याच्या न्यायालयांनीही तो मानला. पेढीवरचा सावकार कितीही कडक असला तरी कागदोपत्री तिथे थांबत असे. वीस वर्षांचे गृहकर्ज आठ टक्क्यांच्या आसपासच दामदुपटीला टेकते आणि साडेआठला ती ओलांडते. तरीही नियम मोडत नाही, कारण नियम थकलेल्या व्याजाला आहे. बँक व्याज थकूच देत नाही. ती ते दरमहा पाच तारखेला, खातेदाराच्या सहीनेच दिलेल्या मँडेटवर, तो झोपेत असताना काढून घेते. सावकाराला वसुलीसाठी माणूस पाठवावा लागे आणि त्या माणसाला चहा द्यावा लागे. या प्रगतीचे श्रेय तंत्रज्ञानाला द्यायला हवे.

दराचा इतिहास हा पारदर्शकतेचा इतिहास आहे. २००३ साली पारदर्शकतेसाठी बीपीएलआर हा कर्जाचा मूळ दर आला. तो पुरेसा पारदर्शक नाही असे आढळल्यावर १ जुलै २०१० पासून बेस रेट, मग १ एप्रिल २०१६ पासून एमसीएलआर, आणि १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी तरत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधावीत असा रिझर्व्ह बँकेचा दंडक. प्रत्येक वेळी जुना कर्जदार जुन्याच पद्धतीत राहिला. नव्या पद्धतीत जायचे तर अर्ज करायचा आणि बहुधा फी भरायची. अर्ज करायचा असतो हे त्याला कळले ते शेजारच्या ब्लॉकमधल्या नव्या कर्जदाराचा हप्ता ऐकल्यावर, जिन्यात.

रेपोला बांधलेल्या दराची खरी ओळख २०२२ मध्ये झाली. मे २०२० पासून रेपो ४ टक्क्यांवर होता आणि गृहकर्जे साडेसहा-पावणेसात टक्क्यांना मिळत होती. ४ मे २०२२ ते ८ फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रेपो साडेसहावर गेला. आता ६.७ टक्क्यांचे तीस लाखांचे वीस वर्षांचे कर्ज घ्या. हप्ता २२,७२२. त्याच शिलकीवर दर अडीच टक्क्यांनी वाढून ९.२ झाला, तर एका महिन्याचे व्याजच होते २३,०००. म्हणजे हप्ता वेळेवर भरूनही कर्ज दरमहा २७८ रुपयांनी वाढते. प्रत्यक्षात वाढ टप्प्याटप्प्याने झाली आणि तोवर थोडे मुद्दल फिटलेले होते, म्हणून अनेकांचे कर्ज वाढण्याऐवजी फक्त लांबले. विसाची मुदत तिसाच्या पुढे गेली. काहींचा शेवटचा हप्ता निवृत्तीच्या दहा वर्षे पलीकडे जाऊन बसला. हप्ता मात्र तोच राहिल्यामुळे घरात कोणाला पत्ता लागला नाही. एप्रिलमध्ये व्याजाचा दाखला काढायला गेलेल्याला तेवढा तो लागला. अखेर १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेला सांगावे लागले की दर बदलला तर हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारा, आणि नुसते व्याजसुद्धा भागणार नाही इतकी मुदत ताणू नका. २०२५ मध्ये रेपो फेब्रुवारीपासून उतरत डिसेंबरला ५.२५ वर आला. लांबलेली मुदत आपोआप आखडली का, हे पाहायला पुन्हा तोच दाखला काढावा लागतो.

रत्नागिरीची अडचण आणखी वेगळी. गृहकर्जाचा हप्ता पगारदाराच्या महिन्यावर बेतलेला आहे. आंबा बागायतदाराचे वर्ष एकाच हंगामाचे असते. मोहोर टिकला, थ्रिप्स आवरला, अवकाळी टळला तर मार्च ते मेमध्ये वाशीच्या पट्ट्या येतात. त्यांतून आधी दलालाची उचल वळती होते, मग फवारणीचे बिल. मिरकरवाडा बंदरात १ जून ते ३१ जुलै मासेमारीला बंदी असते, नौका किनाऱ्यावर ओढलेल्या असतात, खलाशी गावी गेलेले असतात. पाच तारखेला बंदी नसते. हप्ता चुकला तर दंड, तीन महिने थकला तर खाते अनुत्पादक, मग सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची नोटीस आणि शेवटी स्थानिक दैनिकात फ्लॅटच्या चतुःसीमेसकट जाहिरात. ती जाहिरात सगळे शहर वाचते.

किरकोळ खर्च हे नाव ज्यांना आहे ते असे. नोंदणी शुल्क एक टक्का, कमाल ३०,०००. मुद्रांक शुल्क वेगळे. घर फक्त महिलेच्या नावावर घेतले तर त्यात एक टक्का सूट. त्यामुळे राज्यातील अनेक गृहिणी एका दुपारीत मालकीण झाल्या आणि स्वयंपाकाच्या वेळेला घरी परतल्या. बांधकाम चालू असेल तर जीएसटी. शिवाय प्रोसेसिंग फी, पॅनेलवरच्या वकिलाचा तीस वर्षांचा सर्च, व्हॅल्युअरची फेरी आणि कर्जाचा विमा. विम्याचा एकरकमी हप्ता ‘कर्जातच टाकतो, तुम्हाला जाणवणार नाही’ असे सांगितले जाते. ते खरे आहे. एक लाखाचा विमा त्याच दराने वीस वर्षांत २ लाख ८ हजारांना पडतो आणि जाणवत नाही.

करबचत हा कर्ज घेण्याचा सर्वांत विद्वान युक्तिवाद. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. वीस टक्क्यांच्या पायरीवरचा माणूस पहिल्या वर्षी अडीच लाख व्याज भरून चाळीस हजार कर वाचवतो आणि ऑफिसात इतरांनाही तसा सल्ला देतो. नव्या प्रणालीत राहत्या घराला ही वजावट नाही, आणि २०२३-२४ पासून काही न सांगणाऱ्याला नवीच प्रणाली लागते. सल्ला मात्र अजून जुनाच दिला जातो.

जुन्या कोकणात घर बांधायची पद्धत निराळी होती. गिरणीतल्या चाकरमान्याच्या मनीऑर्डरीवर एका वर्षी चिरे येऊन पडत, दुसऱ्या वर्षी भिंती उभ्या राहत, तिसऱ्या वर्षी आढे चढे, आणि नळ्यांची कौलं जाऊन मंगलोरी यायला आणखी एक पिढी लागे. बिनव्याजी बांधकामाचा याहून खात्रीचा नमुना नाही. त्याच जागेवर आज कर्ज काढायला गेले तर सातबाऱ्यावर बावीस सहहिस्सेदार निघतात. त्यांतले सहा हयात नसतात, चौघे बोरिवलीत असतात आणि एकाचे बाकीच्यांशी बोलणे नसते. एवढ्या सह्या कोणत्याही बँकेला मिळत नाहीत. भाऊबंदकीने कोकणी माणसाला गृहकर्जापासून जितके वाचवले आहे तितके कोणत्याही अर्थसाक्षरता मोहिमेने वाचवलेले नाही. ज्यांना ते वाचणे सोसले नाही, ते शहरात फ्लॅट घेतात.

फ्लॅटवर वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. तो परतफेडीच्या तक्त्यात कुठल्याच रकान्यात नाही. दुसऱ्या-तिसऱ्या पावसाळ्यात वरच्या मजल्याचा स्लॅब पाझरतो, खाऱ्या वाऱ्याने ग्रिल पोपडते, झडीकडच्या भिंतीवर शेवाळ धरते. सोसायटी वर्गणी काढून गच्चीवर पत्र्याची शेड घालते. गृहकर्जाच्या घराला छप्पर वेगळे विकत घ्यावे लागते ही गोष्ट देशावरच्या पाहुण्यांना समजावून सांगावी लागते.

कर्जाची बाजूही मांडली पाहिजे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजचा नसतो. महागाई पाच टक्के धरली तर शेवटच्या २६,०३५ रुपयांची किंमत आजच्या ९,८०० इतकीच उरते. म्हणून ६२ लाख हा आकडा दिसतो तितका भीतिदायक नाही, आणि भाडे भरणाऱ्यालाही दरवर्षी घरमालकाचा चेहरा पाहावा लागतोच. मात्र हा दिलासा पगार महागाईबरोबर वाढणाऱ्यालाच लागू आहे. ज्याचा पगार कंत्राटदार ठरवतो, त्याला शेवटचा हप्ताही पहिल्याइतकाच जड असतो.

फेड लवकर करण्याचा मार्ग उघडा आहे. व्यक्तीने घेतलेल्या तरत्या दराच्या गृहकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंड लावायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे. वर्षाला एक हप्ता जादा भरला तर वरचे वीस वर्षांचे कर्ज साडेसोळा-सतरा वर्षांत संपते आणि सहा लाखांहून अधिक व्याज वाचते. पैसे भरताना ‘मुदत कमी करा’ असे लेखी द्यावे लागते, नाहीतर कोणीतरी प्रेमाने हप्ता कमी करून ठेवतो. बोनस आला की हा मार्ग सर्वांना आठवतो. त्याच आठवड्यात टॉप-अप कर्जाचा फोनही येतो.

रत्नागिरीत घरासाठी सर्वांत प्रसिद्ध वाट पाहिली ती ब्रह्मदेशाच्या थिबा राजाने. तो १८८६ मध्ये इथे आणला गेला आणि भाट्याच्या खाडीकडे तोंड असलेल्या राजवाड्यात राहायला गेला १९१० मध्ये. १९१६ मध्ये तो वारला. चोवीस वर्षे वाट आणि सहा वर्षे वास्तव्य. पन्नाशीच्या जवळ तीस वर्षांची मुदत घेणाऱ्याला याहून चांगले गुणोत्तर मिळणे कठीण आहे. फरक इतकाच की राजवाडा सरकारने बांधून दिला होता.

शेवटचा हप्ता गेल्यावर कर्ज संपते, कागद संपत नाहीत. १ डिसेंबर २०२३ पासून मूळ दस्तऐवज तीस दिवसांत परत देणे बँकेवर बंधनकारक आहे, उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. दस्त मिळाले की ना हरकत दाखला घ्यायचा, सेरसाय या तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतली नोंद उतरली का ते पाहायचे. स्वतंत्र प्लॉटवरचे घर असेल तर सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ या रकान्यात बँकेचे नाव असते. त्याला महसुली भाषेत बोजा म्हणतात. तो कमी करण्यासाठी दाखल्यासह तलाठ्याकडे अर्ज करून फेरफार धरावा लागतो. तलाठ्याचे पदनाम २०२४ मध्ये ग्राम महसूल अधिकारी असे झाले. रकान्यातला शब्द अजून बोजाच आहे, आणि अर्ज केल्याशिवाय तो आपणहून उतरत नाही.