दक्षिणाभिमुख भिंतीचा धनी

आपल्याकडे दक्षिणाभिमुख घर म्हटलं की वास्तुशास्त्रवाल्यांच्या कपाळाला आठ्या पडतात आणि दलालाचा आवाज एक पट्टी खाली येतो. इंग्लंडात मात्र अशी एक जमात आहे, जी घर पाहायला गेली की आधी दक्षिणेची भिंत पाहते आणि छप्पर गळतं का, हे नंतर विचारते. हा कृष्णकमळवाला. वय साठीच्या पुढे, गुडघ्यांवर मातीचे कायमचे डाग, एका खिशात सुतळी, दुसऱ्यात सिकेटर. गुलाब कुणीही लावतो, म्हणून त्याला गुलाबात रस नाही. त्याला हवी असते ब्राझील-अर्जेंटिनाकडची निळ्या कृष्णकमळाची वेल, कारण ती इंग्लंडात जगायला नको, असं त्याचं ठाम मत असतं. घरातलं हीटिंग एक अंशाने वाढवायला तो कां-कूं करतो. वेलीला मात्र नोव्हेंबरातच पांढऱ्या कापडाचं पांघरूण चढतं. फेब्रुवारीत वेल काळवंडली की तो हवामानखात्याकडे बोट दाखवतो. थंडीने घात केला!

थंडीवरचा हा आळ बहुतेक वेळा खोटा असतो. रॉयल हॉर्टिकल्चरल सोसायटीच्या वर्गवारीत ही वेल उणे 5 ते उणे 10 अंश सेल्सिअसपर्यंत तग धरणाऱ्यांत मोडते, आणि लंडनच्या परसात पारा एवढा क्वचितच उतरतो. अमेरिकेच्या आग्नेय भागातली तिची चुलत बहीण तर आणखी चिवट. ती हिवाळ्यात जमिनीपर्यंत मरते आणि उन्हाळ्याच्या तोंडावर मुळांतून पुन्हा वर येते. मग वेलीला मारतं कोण? माझा संशय धन्याच्या मायेवर आहे, आणि पुरावा त्याच्या खिशातच आहे.

ऑक्टोबरात बहर ओसरतो, वेल गबाळी दिसू लागते आणि याचे हात शिवशिवतात. वर्षभर लेकरासारखी जपलेली वेल तो एका दुपारी भादरून टाकतो. कापलेल्या जागी कोवळे धुमारे फुटतात आणि पहिल्याच हिमतुषाराला ते करपतात. खालच्या डोळ्यांवर ज्या जुन्या फांद्यांचं आपोआप छप्पर झालं असतं, त्या तर कंपोस्टच्या ढिगात गेलेल्या असतात. वास्तविक ही वेल चालू वर्षाच्या नव्या फुटीवर फुलते. त्यामुळे छाटणीची घाई कसलीच नाही. कडाक्याची थंडी ओसरल्यावर, मार्चअखेर किंवा एप्रिलात, भिंतीवरच्या तारांना बांधलेल्या मुख्य फांद्या ठेवाव्यात आणि बाजूच्या फांद्या दोन-तीन डोळ्यांवर कापाव्यात. एवढं केलं तरी जुलैपासून फुलं. खताचीही तीच कथा. मायेपोटी नत्र ओतलं की पानांचं रान माजतं. फुलांसाठी पोटॅश लागतं, टोमॅटोला घालतात तेच.

पण खरा खून होतो तो वसंतात. थंडीने वरचा भाग गेला असला, तरी मुळातली फूट कधी मे उलटेपर्यंत दिसत नाही. एवढा धीर याच्याकडे कुठला? नखाने साल खरवडली आणि आत हिरवं दिसलं तर फांदी जिवंत, एवढी साधी परीक्षाही न घेता तो एप्रिलात मृत्यूचा दाखला देतो, कुदळ घेतो आणि नर्सरीतून नवं रोप आणतो. जुन्या वेलीची जमिनीत राहिलेली मुळं पुढे हिरवळीतून, मूळ जागेपासून चांगलं दोन-तीन हातांवर, कोंब वर काढतात. आणि हे गृहस्थ त्या कोंबावरून गवतकापणीचं यंत्र फिरवतात, ज्या वेलीचं सुतक नुकतंच फिटलं तिच्याच डोक्यावरून.

कुणी म्हणेल, थंडी निर्दोष कशी? 1963 सारखा कडाक्याचा हिवाळा आला तर? मान्य. तशा हिवाळ्यात वरची वेल जाते, आणि चिकणमातीत पाणी साचून राहिलं तर मुळंही जातात. पहिल्या वर्षीचं रोप, विशेषतः कुंडीतलं, झाकायलाच हवं, कारण कुंडीतली माती चहूबाजूंनी गोठते. पण असे हिवाळे पिढीतून एक-दोनदा येतात. ऑक्टोबर दरवर्षी येतो. दुसरा आक्षेप आळशी लोकांचा. मग हात लावूच नये का? अवश्य लावावा. न छाटलेली वेल आठ-दहा मीटर वर जाते. धन्याच्या वाट्याला खाली काटक्यांचं जाळं उरतं आणि फुलं शेजारणीच्या माडीवरच्या खिडकीत फुलतात. ती आभारही मानते, हे त्याला अधिकच झोंबतं.

फूल आलं की मात्र त्याचं सगळं माफ करावंसं वाटतं. पाहुण्याला हाताला धरून तो भिंतीपाशी नेतो आणि मोजून दाखवतो: पाच पुंकेसर म्हणजे ख्रिस्ताच्या पाच जखमा, वरचे तीन म्हणजे खिळे, भोवतीची झालर म्हणजे काटेरी मुकुट, दहा पाकळ्या म्हणजे दहा शिष्य, यहूदा आणि पीटर वगळले. पाहुणा मराठी असला तर पंचाईत. तो त्याच झालरीत शंभर कौरव, त्याच पाचांत पांडव आणि त्याच तिघांत ब्रह्मा-विष्णू-महेश दाखवतो. दोघेही मागे हटत नाहीत, आणि फूल जेमतेम दिवसभराचं. पुढे येणारं नारिंगी फळ तो चवीला देईल तेव्हा गोड हसून घ्यावं. चव जवळजवळ नसतेच.

त्याच्या घरच्यांना एकच विनंती. सिकेटर ऑक्टोबरात लपवा आणि मार्चअखेर परत द्या. कुदळ मात्र जून उजाडेपर्यंत त्याच्या हाती पडू देऊ नका.