सुरत ते उकाई, व्हाया दिल्ली

सुरतेच्या लिंबायत-उधन्यातून भुसावळच्या गाडीने गावी निघालेल्या खानदेशी माणसाला उकाई-सोनगढ स्टेशन पाठ असते. सुरतेपासून उकाई शंभर किलोमीटरसुद्धा नाही. गुजरात विद्युत मंडळाच्या एका उपअभियंत्याला मात्र पंधरा वर्षांतही तिथे पोचता आले नाही.

२९ मार्च १९७४ ला त्याच्या बदलीचा आदेश निघाला आणि ३० मार्चला मंडळाने त्याला सुरतेतून कार्यमुक्तही केले. मार्चअखेर खर्च संपवण्याखेरीज एवढी चपळाई सरकारी कचेरीत सहसा दिसत नाही. आई सत्तरीची आणि आजारी, असे निवेदन त्याने दिले. ते फेटाळले गेले. मग त्याने उकाईची गाडी सोडून बडोद्याचे दिवाणी न्यायालय गाठले. मंडळाने रुजू होण्याची तंबी रजिस्टर पोस्टाने धाडली. पाकीट ‘घेण्यास नकार’ असा शेरा मिरवत परत आले. अखेर सेवा विनियम ११३ चा आधार घेऊन मंडळाने ३१ मार्च १९७४ पासून त्याला सेवामुक्त केले.

उच्च न्यायालयाने सेवामुक्ती रद्द केली, मंडळ सर्वोच्च न्यायालयात गेले. माणूस जागचा हलला नाही, पण त्याची फाइल बडोदा, अहमदाबाद, दिल्ली अशी फिरून आली. निकाल लागला तोही ३१ मार्चलाच, १९८९ साली. बदली हा नोकरीचाच भाग आहे. अमुक ठिकाणीच राहीन, असा हक्क कुणालाही नाही. अडचण असेल तर निवेदन द्यावे, पण आदेशाला स्थगिती मिळाली नाही तर रुजू व्हावे, असे न्यायालयाने बजावले. नाकारलेले पत्रही पोचले असेच धरायचे. नोकरी गेली ती गेली. तेव्हापासून हा निकाल देशभरच्या सरकारी वकिलांच्या तोंडी आहे.

बदली फक्त अभियंत्यांनाच बोचते असे नाही. आणीबाणीत, १९७६ साली, सोळा न्यायमूर्तींच्या बदल्या झाल्या. गुजरात उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती संकळचंद शेठ यांना आंध्र प्रदेशात धाडले गेले. ते आधी रुजू झाले आणि मग आदेशाला आव्हान दिले. गुजरात उच्च न्यायालयाने त्यांची बाजू उचलून धरली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात होते तोवर दिल्लीतले सरकारच बदलले आणि १९७७ मध्ये त्यांना परत गुजरातेत आणण्याची तयारी नव्या सरकारने दाखवली. बदली रद्द करायला कायद्याचे कलम शोधावे लागते. सरकार बदलले की तेवढीही तसदी नको.

शिलाँगने तर दोन्ही बाजूंचे निकाल दिले. तिथल्या एका केंद्रीय कर्मचाऱ्याला पौडीला जायचे नव्हते, कारण पत्नीची नोकरी शिलाँगलाच होती आणि मुलेही तिथेच शिकत होती. पती-पत्नीला एकत्र ठेवण्याच्या मार्गदर्शक सूचना म्हणजे हक्क नव्हे, असे १९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. भोपाळच्या एका अधिकाऱ्याला मात्र शिलाँगला जायचे नव्हते. निनावी तक्रारीत तथ्य आढळले नाही, तरी त्याची बदली झाली होती. शिक्षेऐवजी केलेली ही बदली २००८ मध्ये बेकायदा ठरली.

महाराष्ट्राने २००५ मध्ये बदल्यांचा कायदाच केला. बदल्यांचे नियमन आणि शासकीय कामातल्या विलंबाला प्रतिबंध, ही दोन्ही कामे एकाच कायद्यात. पदावर साधारण तीन वर्षे, बदल्या एप्रिल-मेमध्ये, एरवी अपवादात्मक परिस्थितीत आणि लेखी कारण देऊन. मग अपवादांचे पीक आले. कारण न लिहिलेल्या बदल्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, टिकेनात, तेव्हा कचेऱ्या कारण लिहायला शिकल्या: ‘प्रशासकीय निकड’. ही निकड नेमकी कसली, हे फाइलमध्ये नसते. शिफारसपत्र कुणाचे, हे मात्र शिपायालाही ठाऊक असते.

उकाईचा निकाल चुकीचा म्हणता येणार नाही. प्रत्येक जण आपापल्या गावी बसून राहिला तर उकाईत वीज कोण बनवणार? पण त्याच निकालाच्या आडून सुडाच्या बदल्याही निभावून नेल्या जातात. साहेबांचा आकस सिद्ध करायचा तो कर्मचाऱ्यानेच, आणि तोही नव्या गावात बिऱ्हाड मांडून. बदलीचे खरे कारण आदेशातच छापण्याची सक्ती झाली, तर निम्मे खटले उभेच राहणार नाहीत.

तोवर ज्यांच्या हाती आदेश पडेल त्यांनी पोस्टमनकडून पाकीट घ्यावे, रुजू अहवाल द्यावा, त्याची पोच जपून ठेवावी आणि मगच वकील गाठावा.