काकी, थायलंड आणि आपली खाडी

अहो वहिनी, आहात का घरात? या जरा कुंपणापाशी. हातातली मेथी तशीच घेऊन या, निवडता निवडता ऐका. पलीकडच्या काकी थायलंडहून आल्या ना. आळीभर खोबऱ्याच्या वड्या वाटल्या, तुम्हाला मिळाल्या का? नाही? मग तुमच्यावरचा राग अजून गेलेला नाही, त्या गणपतीच्या वर्गणीवरून. असू दे. माझ्या वाटणीतल्या दोन देते तुम्हाला, पण आधी हकिकत ऐका.

लेकाने धाडलं हो त्यांना. बंदरात कामाला आहे ना धाकटा, त्याला म्हणे बोनस मिळाला. सगळ्या बायाबायांचाच ग्रुप, डोक्यावर एकसारख्या पिवळ्या टोप्या, नि पुढे झेंडा घेतलेला एक पोरगा. काकींनी टोपी घातली, पण लुगडं काही सोडलं नाही. बँकॉकच्या विमानतळावर जपानी लोकांनी त्यांच्याबरोबर फोटो काढून घेतले. ते फोटो मी पाहिलेत. फार रुबाबात उभ्या आहेत!

तर एका पहाटे यांना गाडीत कोंबलं आणि निघाले तरंगता बाजार बघायला. वाटेत मेकलाँग म्हणून गाव लागतं. तिथे रेल्वेच्या रुळांवरच भाजीबाजार. गाडीची शिट्टी झाली की दुकानदार ताडपत्र्या मागे ओढून घेतात. टोपल्या तिथेच, रुळाला चिकटून. गाडी त्यांच्यावरून हळूच सरकत जाते, आणि शेवटचा डबा गेला की ताडपत्र्या पुन्हा पुढे. काकी म्हणाल्या, "आपले दादरला आसा केला आसता तं टोपल्यासकट नेला आसता." ते खरंच आहे म्हणा.

मग दामनोन सादुआक. नाव मी काकींकडून वदवून घेतलं, तेव्हा कुठे जमलं. बँकॉकपासून शंभरेक किलोमीटर. ते काही नदीचं पात्र नव्हे बरं का, कालवा आहे, माणसांनी खणलेला. राजा मोंगकुट, म्हणजे चौथा राम, त्याच्या वेळी खणायला घेतला नि 1868 मध्ये पुरा झाला. ता चीन आणि मेकलाँग या दोन नद्या त्याने जोडल्या. रस्ते नव्हते तेव्हा सगळा भाजीपाला नि फळफळावळ पाण्यातूनच जायची. बायका होडीत बसून माल विकायच्या, गिऱ्हाईकही होडीतच. पुढे सडका झाल्या, ट्रक आले आणि खऱ्या गिऱ्हाइकाने कालव्याकडे पाठ फिरवली. आता जे काही आहे ते बहुतेक पाहुण्यांसाठी.

आधी एका लांबुळक्या होडीत बसवलं. तिला मागे मोटारीचं इंजिन आणि त्याला ही एवढी लांब दांडी, टोकाला पंखा. अंगावर पाणी उडवत सुसाट नेली म्हणे. कडेला खांबांवरची घरं, घराच्या पायऱ्या पाण्यात उतरलेल्या, पायरीवर कुणी भांडी घासतंय. काकींना तेवढं आवडलं. पण बाजारात शिरल्यावर? अहो, काठावरच्या दुकानदारिणीच्या हातात लांब काठी, काठीच्या टोकाला आकडा. होडी समोरून जायला लागली की आकडा होडीच्या कडेला अडकवायचा आणि सरळ आपल्या दुकानापाशी ओढून घ्यायची! आणि समोर काय मांडलेलं, तर टोप्या, पंखे, साबणाची फुलं, लाकडी हत्ती. एक शब्द बोलायचा नाही. कॅल्क्युलेटरवर आकडा दाबून गिऱ्हाइकापुढे धरायचा. काकींनी तो कॅल्क्युलेटर हातात घेतला, निम्मा आकडा दाबला आणि परत केला. तिने डोळे मोठे केले, मधला आकडा दाबला. काकींनी पुन्हा निम्मा. बाकीच्या बायका दम धरून बघताहेत. शेवटी त्या थाई बाईने हात जोडले आणि हत्ती देऊन टाकला. शोकेसमध्ये आहे, गेलात की बघा. मात्र किंमत विचारू नका, दर वेळी वेगळी सांगतात.

पण मला जे सांगायचं आहे ते पुढेच आहे. मी विचारलं, "काकी, मग कसा वाटला बाजार?" तर म्हणाल्या, "बाजार झ्याक, गो. पन तिथला मानूस बाजार कुठं करतंय, ते इचारला मी. तं गाईड बोल्ला, रोडवरचे दुकानान जातंय." आणि मग जरा थांबून म्हणाल्या, "आपले खारीत काय कमी हाय?"

आता काकी बोलल्या म्हणजे त्यात काहीतरी असणारच. त्यांचं माहेर जुन्या शेवा कोळीवाड्याचं. तिथे जहाजांचं बंदर आलं तेव्हा तो कोळीवाडा उठला. बंदर सुरू झालं 26 मे 1989 ला, पण माणसं त्याच्या आधीच हलवली होती, उरणजवळ, हनुमान कोळीवाड्यात. तिथल्या घरांना वाळवी लागली. दारं, वासे, कपाटं, सगळं पोखरून काढलं तिने. मग तिथल्या लोकांनी होड्या काढल्या आणि बंदराच्या वाटेत, जहाजांच्या चॅनलमध्ये आडव्या घातल्या. एकदा नाही, कितीदा. पेपरात यायचं ना. पिढी सरली तरी पुनर्वसनाचं भिजत घोंगडं तसंच. म्हणून म्हणते, काकी खाडीबद्दल बोलतात ते टूरवाल्यासारखं तोंडपाठ नसतं.

तर त्यांच्या डोंबिवलीच्या भाच्या आल्या होत्या. त्यांना घारापुरी बघायची होती आणि काकींनी मलाही ओढलं. गेटवेवरून नाही हो, न्हाव्याहून, ओळखीच्याच्या होडीने. होडी सुटली आणि काकींनी तांडेलाच्या शेजारी उभं राहून बोलायला सुरुवात केली. काय सांगू! एका बाजूला ओएनजीसीचा धक्का, समुद्रातल्या तेलविहिरींना सामान नेणाऱ्या बोटी तिथे लागलेल्या. मागे बंदराच्या क्रेनी. त्या क्रेनींकडे हात करून काकी म्हणाल्या, "थंय आमचा वारा व्हता." वाडा म्हणजे त्यांचा कोळीवाडा हो. भाच्या बघताहेत तर निळे-तांबडे कंटेनर, एकावर एक. मोबाईल बाजूला ठेवला दोघींनी.

मग अटल सेतू. 21.8 किलोमीटर लांब, जानेवारी 2024 मध्ये सुरू झाला. गाडीतून बघतो तेव्हा नुसता कठडा दिसतो, खालून होडीतून बघाल तर खांबच खांब, संपतच नाहीत. काकींचं लक्ष खांबांकडे नव्हतं, पाण्याकडे होतं. कुठे डोल जाळी लावलेली आहे, भरतीला तिचं तोंड कुठे आणि ओहोटीला कुठे, जवळा कधी पडतो, चिखलात निवटी कुठे बसतात. हे सगळं फुकट ऐकायला मिळालं. भाच्यांनी विचारलं, "आत्या, इथे पण असा तरंगता बाजार होता का?" तर काकी उखडल्याच. "व्हता काय? हाय! पन फोटू कोन कारील?"

आणि विचार करा वहिनी, खरं आहे की नाही? पूर्वी उरणचं मीठ गेलं मचव्यातून, तांदूळ गेला, पेंढा गेला. मोऱ्याहून भाऊच्या धक्क्याला लाँच जाते, तिच्यात पहाटेला टोपल्या घेऊन बसणाऱ्या बायका तुम्ही पाहिल्यात ना? भाजी, मासळी, फुलं. सौदा लाँचमध्येच ठरतो कित्येकदा, धक्का यायच्या आधी. त्या भाऊच्या धक्क्यावर उजाडायच्या आत मासळीचा लिलाव. होडीतून टोपल्या वर फेकल्या जातात आणि बोली त्या हवेत असतानाच सुरू होते. बाहेर नांगर टाकून उभी असलेली मोठी जहाजं, त्यांना भाजीपाला, मटण, पिण्याचं पाणी लाँचनेच जातं. हा पाण्यावरचा बाजार नाही तर काय? फक्त इथे कुणी आकडा लावून तुमची होडी ओढत नाही. तुम्ही मध्ये आलात तर उलट शिव्या खाल.

घारापुरीला उतरलो. धक्क्यावर ती चिमुकली आगगाडी. काकी तिच्यात बसल्या नाहीत, चालत निघाल्या. लेणी तर तुम्ही पाहिलीच असतील, त्रिमूर्तीबद्दल मी काय बोलावं? 1987 पासून जागतिक वारशात आहे. एक गंमत मात्र आहे. त्या थाई बाजारात होडीहोडीत लाकडी हत्ती, आणि ज्या दगडी हत्तीमुळे पोर्तुगीजांनी या बेटाचं नाव एलिफंटा ठेवलं तो हत्ती बेटावर नाहीच, भायखळ्याला राणीच्या बागेत, भाऊ दाजी लाड संग्रहालयाबाहेर उभा आहे.

लेणी बघून सगळे परततात. आम्ही राजबंदरला गेलो, काकींच्या नणंदेकडे. बेटावर तीन गावं आहेत, शेतबंदर, राजबंदर आणि मोराबंदर, पण पाहुण्यांपैकी शंभरातल्या एकालाही ते ठाऊक नसतं. समोर मुंबई झगमगते आणि या बेटावर वीज आली कधी, तर फेब्रुवारी 2018 मध्ये! न्हाव्याहून साडेसात किलोमीटर केबल समुद्राखालून नेली. त्याआधी संध्याकाळी तीनेक तास जनरेटर, मग गुडुप अंधार. नणंदबाई सांगत होत्या, त्यांच्या दिराला मुलगी सांगून यायची, पाहुणे यायचे, चहा प्यायचे, संध्याकाळची शेवटची होडी पकडून जायचे आणि पुन्हा तोंड दाखवायचे नाहीत. आता फ्रीज आहे घरात. त्या फ्रीजवर त्यांनी क्रोशाचं झाकण घातलंय, आणि त्याच्या वर देवीचा फोटो. आम्हाला त्यातलं गार पाणी दिलं, ते पिताना आमच्याकडे बघत होत्या. "गार हाय ना?" तीनदा विचारलं. असं काही त्या दामनोनच्या टूरमध्ये बघायला मिळेल का हो?

आता तुम्ही म्हणाल, मग करा की इथे पण टूर. तेच तर! आपल्या सोसायटीच्या सेक्रेटरींच्या डोक्यात शिरलंय की विमला तलावात होड्या सोडून तरंगता बाजार भरवायचा. अर्ज लिहायला घेतलाय. कोलकात्यात पाटुलीला 2018 मध्ये तसा बांधला होता, त्याचा फोटो व्हॉट्सअ‍ॅपवर फिरवताहेत. मला विचाराल तर हा शुद्ध नाटकीपणा. खाडी दाराशी असताना तळ्यात होड्या कशाला बांधून ठेवायच्या?

त्यापेक्षा वेंगुर्ल्याचं बघा. माझी बहीण सावंतवाडीला असते, ती घेऊन गेली होती. मांडवी खाडीत स्वामिनी बचतगटाच्या बायका 2017 पासून खारफुटीची सफर घडवतात. स्वतः होडी वल्हवतात, इंजिनाचा आवाज नाही. ही कुठली खारफुटी, तिची मुळं वर का येतात, खेकडा कुठे राहतो, मासळी अंडी कुठे घालते, सगळं मालवणीत समजावून सांगतात. घरच्याच बायका, पैसा त्यांच्याच हातात. इकडे ऐरोलीला वनखात्याच्या कांदळवन कक्षाच्या बोटी आहेत, रोहित पक्षी दाखवायला नेतात. ठाणे खाडीचं ते अभयारण्य 2015 मध्ये जाहीर झालं, 2022 मध्ये रामसर यादीतही गेलं. आणि रोहित तर आपल्या पाणजे पाणथळीवरही उतरतात, तिकीट न काढता! मग न्हावा, मोरा, हनुमान कोळीवाडा इथल्या बायकांनी अशी फेरी चालवली तर काय बिघडलं? माझ्या मते टूर म्हणून दाखवण्यासारखं जे आहे ते काकींच्या तोंडात आहे, दुकानात नाही.

काकींना बोलले तसं. त्या म्हणाल्या, "मना कोन इचारतंय?" पण विचार शिरलाय डोक्यात, मी ओळखते त्यांना. काल बचतगटाच्या बैठकीत होडीचं भाडं विचारत होत्या.

तुमचे नागपूरचे पाहुणे येणार आहेत ना दिवाळीत? न्या त्यांना घारापुरीला. पण एक सांगते. होडीत बसलात की आधी लाइफ जॅकेट. काकी कुरकुरतात, "मी खारीतली पोर, मना जॅकेट?" मी त्यांना घालायला लावलंच. 18 डिसेंबर 2024 ला घारापुरीच्या लाँचला नौदलाची स्पीडबोट धडकली, किती माणसं गेली, आठवतं ना? अवघडल्यासारखं वाटलं तरी बंद बांधूनच बसायचं. दुसरं म्हणजे भरतीची वेळ पंचांगात बघा, मोऱ्याला ओहोटीला गाळ इतका की लाँच लागतच नाही, धक्क्यावर ताटकळत बसाल. रात्री बेटावर पाहुण्यांना राहू देत नाहीत, तेव्हा परतीची होडी आधीच विचारून ठेवा. आणि सोमवारी मुळीच नेऊ नका, सोमवारी लेणी बंद असतात.