हप्ता किती बसूलाय?

मच्छे गावात नवं घर बांधलेल्या माणसाला घराची किंमत कोणी विचारत नाही. दार पूर्वेला आहे का, बोअरला पाणी किती फुटांवर लागलं, स्लॅबला कुठलं सिमेंट, हे सगळं नंतर. पहिला प्रश्न ठरलेला: "हप्ता किती बसूलाय?" आपण आकडा सांगायचा. विचारणारा क्षणभर वर बघतो, मनातल्या मनात आपल्या पगारातून तो आकडा वजा करतो, उरलेल्यात आपण काय खात असू याचा अंदाज घेतो आणि "मग बसतंय की" असा निकाल देऊन चहाचा कप उचलतो. किती वर्षं बसतंय, हे विचारणारा मला अजून भेटलेला नाही. घराची खरी किंमत त्या न विचारलेल्या प्रश्नात असते.

बेळगावहून खानापूर रस्त्याला लागलं की उद्यमबाग, पिरनवाडी आणि आमचं मच्छे. इथं औद्योगिक वसाहत आहे, विश्वेश्वरय्या तांत्रिक विद्यापीठ आहे, आणि उरलेल्या शेतांत तीस बाय चाळीसचे प्लॉट पडताहेत. दुकानाची पाटी कानडीत, भांडण मराठीत, कर्जाचा अर्ज इंग्रजीत. व्याज तिन्ही भाषांत सारखंच चढतं. आम्हाला मुदतीचं भय वाटत नाही याचं एक कारण सवय हेही असेल. हलगा-मच्छे बायपासचं भांडण शेतकऱ्यांनी वर्षानुवर्षं कोर्टात लढवलं. सीमाप्रश्नाचा दावा महाराष्ट्रानं २००४ साली सर्वोच्च न्यायालयात दाखल केला. त्याच वर्षी कोणी वीस वर्षांचं गृहकर्ज काढलं असतं तर २०२४ ला ते फिटलं असतं, घराला दोनदा रंग लागून गेला असता. दावा चालूच आहे. अशा गावाला वीस वर्षांचं काय हो!

आम्ही काढलं ते २५ लाख. वीस वर्षं, साडेआठ टक्के. बँकेचं नाव सांगत नाही, कारण साडेआठचं गणित कुठल्याही बँकेत एकच. टेबलापलीकडच्या तरुणानं कॉम्प्युटर आमच्याकडे वळवून ठळक अक्षरांतला आकडा दाखवला: २१,६९६. त्याखाली बारीक अक्षरांत आणखी एक आकडा होता. मी उद्यमबागेत एका कारखान्याचे हिशेब लिहितो, त्यामुळे नजर सवयीनं बारीक अक्षराकडेच जाते. एकूण परतफेड ५२ लाख ७ हजार. म्हणजे नुसतं व्याज २७ लाख ७ हजार.

"सर, ते टोटल बघू नका," तो तरुण काळजीनं म्हणाला. "टोटल बघितलं की कोण पण घर घेत नाही. ईएमआय बघा." बँकेत इतकं प्रामाणिक वाक्य मी त्याआधी ऐकलं नव्हतं.

परतफेडीच्या वेळापत्रकाचा कागद मी मुद्दाम मागून घेतला आणि घरी आबांच्या हातात दिला. आबा म्हणजे माझे वडील. वय ऐंशी, चष्मा जाड, हिशेब तोंडी. पहिल्याच ओळीवर त्यांचं बोट थांबलं. हप्ता २१,६९६, त्यात व्याज १७,७०८ आणि मुद्दल ३,९८८.

"एकवीस हजारातलं सतरा हजार कुठं गेलं रे?"

"व्याजात, आबा."

"आणि घरात?"

"चार हजार. तेही बारा रुपये कमी."

आबांनी कागद उलटा करून बघितला, मागे काही चांगलं छापलंय का म्हणून.

यात फसवाफसवी काही नाही, हे मी त्यांना समजावलं. व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं. सुरुवातीला मुद्दल डोंगराएवढं, म्हणून व्याजही तसंच; हप्ता मात्र कायम सारखा, त्यामुळे व्याजाचं पोट भरून जे उरेल तेच मुद्दलाच्या वाट्याला. मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षं लागतात. दहा वर्षं नेमानं हप्ते भरले की २६ लाख भरून झालेले असतात आणि शिल्लक कर्ज असतं साडेसतरा लाख. अर्धी मुदत संपली म्हणून पेढे वाटावेत, तर एक तृतीयांश कर्जसुद्धा फिटलेलं नसतं.

आबांचं समाधान झालं नाही. त्यांनी त्यांचा कायदा काढला. "आमच्या आज्ज्याच्या टायमाला दामदुपट होतं. सावकार झाला तरी दुप्पटच्या वर मागायचा नाही. तुझी बँक वर दोन लाख सात हजार मागूलाय!"

कायदा खरा आहे. १९५६ साली राज्यांची फेररचना होईपर्यंत बेळगाव मुंबई इलाख्यात, मग मुंबई राज्यात होतं, आणि दामदुपटीचा जुना हिंदू नियम मुंबई इलाख्यातली कोर्टं मानत असत: वसुलीला जाताना थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त मागता येणार नाही. सावकारही काही भोळे नव्हते. व्याज मुद्दलाजवळ पोचलं की दोन्ही मिळून नवं खत लिहून घ्यायचं, की घड्याळ पुन्हा शून्यावर. असल्या खतांपायीच १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकरी उठले आणि सावकारांच्या वह्या-खतांच्या होळ्या झाल्या. मी आबांना सांगितलं, बँकेला नियम मोडायची गरजच पडत नाही. ती व्याज थकूच देत नाही. दर महिन्याला पगार आल्या दिवशी काढून घेते. मग दामदुपट लावायची कशावर?

"आणि होळी?" आबांनी विचारलं.

"खतं आता सर्व्हरवर असतात, आबा."

आमच्या घरात या गणिताचा सगळ्यात मोठा परिणाम झाला तो बायकोवर. ती गल्लीतल्या बायकांची भिशी चालवते. पैसा कोणाच्या हातात कधी पडतो यावर त्याची किंमत ठरते, हे तिला रिझर्व्ह बँकेइतकंच ठाऊक आहे. तिनं ५२ लाख ७ हजारांना २५ लाखांनी भागलं आणि उत्तर फ्रिजवर चिकटवलं: शंभराला दोनशे आठ. कर्जाच्या पैशातून शंभर रुपये खर्च केले की वीस वर्षांत दोनशे आठ द्यायचे. त्या दिवसापासून घरात कुठल्याही वस्तूला दुकानातली किंमत उरली नाही. कंत्राटदारानं स्वयंपाकघराला ग्रॅनाइट सुचवला, "फक्त चाळीस हजार वाढतील वहिनी, कर्जातच बसवूया." वहिनी म्हणाल्या, "त्र्याऐंशी हजार." तो बिचारा हिशेबाची वही पुन्हा पुन्हा बघत राहिला. हॉलला पीओपीचं छत हवं, असं मी म्हणून बघितलं. त्याची किंमत ऐकून मला साधं छत अचानक फार सात्त्विक वाटायला लागलं. बँकेनं कर्जासोबत एक लाखाचा एकरकमी विमा पुढे केला, तोही कर्जात मिळवून. "दोन लाख आठ हजारांचा विमा," ती म्हणाली आणि साधा टर्म इन्शुरन्स वेगळा काढायला लावला. विमा हवाच, तो व्याजावर नको. वास्तुशांतीला पाहुण्यांसाठी पाच किलो कुंदा आणायचा होता. तो कशातून आणणार, कर्जातून की पगारातून, यावर आमच्यात जी चर्चा झाली तेवढी प्लॉट घेतानाही झाली नव्हती. कुंदा भिशीतून आला.

आता हे साडेआठ टक्केसुद्धा कायमचे नाहीत. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या दराला, बहुतेक ठिकाणी रेपो दराला, बांधलेली आहेत. त्यामुळे रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर हे गल्लीतल्या प्रत्येक घराचे दूरचे नातेवाईक झालेत. वर्षातून पाच-सहा वेळा येतात आणि स्वयंपाकघरात डोकावून जातात. मे २०२२ पर्यंत रेपो चार टक्के होता, फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहा झाला. आमच्या शेजाऱ्यानं २०२१ च्या सुरुवातीला सात टक्क्यांनी २५ लाख घेतले होते, हप्ता १९,३८२. दर साडेनऊवर गेला तरी हप्ता तोच, म्हणून तो खुशीत. "आमचा हप्ता काय वाढला नाय बघा!" मी त्याला गणित मांडून दाखवलं. हप्ता तोच ठेवला तर महिन्याला मुद्दलात जेमतेम पाचशे रुपये पडत होते, आणि कर्ज फिटायला आणखी ३७-३८ वर्षं लागणार होती. तो तेव्हा एक्केचाळीस वर्षांचा. बोटांवर मोजत मोजत तो जिथं पोचला तिथून खाली बसला. पुढे त्यानं हप्ता वाढवून घेतला. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारलं पाहिजे, असं रिझर्व्ह बँकेनं ऑगस्ट २०२३ मध्ये बँकांना बजावलंय. २०२५ साली रेपो उतरत उतरत सव्वापाचवर आला, तेव्हा गल्लीत सगळ्यांनी एकमेकांना विचारलं, "हप्ता किती कमी झाला?" बायकोनं मात्र हप्ता होता तेवढाच ठेवायला सांगितला. दर उतरला की तोच हप्ता मुदत खातो.

एवढं सगळं सांगून एक बाजू राहिली तर माझा हिशेब एकतर्फी होईल. माझ्या मामांनी १९९५ साली एक लाख घेतलं होतं, पंधरा वर्षांसाठी, पंधरा टक्क्यांनी. तेव्हा व्याजाचे दर तसेच असायचे. हप्ता चौदाशे रुपये. त्या चौदाशेपायी मामी दोन वर्षं माहेरच्या लग्नाला नव्या साडीशिवाय गेल्या आणि ते अजून बोलून दाखवतात. शेवटी भरले ते एकूण अडीच लाख, म्हणजे शंभराला अडीचशे, आमच्यापेक्षा वाईट. पण शेवटच्या वर्षापर्यंत मामांचा पगार कितीतरी पट झाला होता आणि चौदाशे रुपये कधी कापले जातात हे त्यांना कळतही नव्हतं. महागाई दरसाल पाच टक्के धरली तर आमचा विसाव्या वर्षीचा २१,६९६ चा हप्ता आजच्या आठ हजारांच्या मोलाचा असेल. शिवाय वीस वर्षांचं भाडं वाचतं. घरमालकानं नळाला कुलूप घालण्याचं दुःख वाचतं, त्याचा दर अजून कोणी काढलेला नाही. तेव्हा ५२ लाख हा आकडा भुतासारखा दाखवत हिंडण्यातही अर्थ नाही. खरे महाग असतात ते पहिल्या काही वर्षांतले रुपये, आणि नेमके तेव्हाच आपण पडदे घेत असतो.

हे पडदे मी थट्टेनं म्हणत नाही. पहिलं वर्ष संपताना एक लाख रुपये जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर पुढचे एकवीस हप्ते भरावेच लागत नाहीत. व्याजाचे साडेतीन लाखांवर वाचतात. तोच लाख पंधरा वर्षांनी भरला तर वाचतात जेमतेम पन्नास हजार. दरवर्षी एक हप्ता जास्त भरला तरी वीस वर्षांचं कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी सुटतं. मुळात वीसऐवजी पंधरा वर्षं घेतली असती तर हप्ता २,९२३ रुपयांनी वाढला असता आणि पावणेआठ लाख वाचले असते. पण तेव्हा आमच्या पगाराला तेवढी लवचिकता नव्हती. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी भरल्याबद्दल दंड नाही. रिझर्व्ह बँकेनं २०१२ सालीच तो बंद केला. म्हणजे वाट मोकळी आहे. तिच्यावरून कोणी जात नाही, कारण उद्यमबागेत दिवाळीचा बोनस जमा होतो त्याच आठवड्यात मोटारसायकलवाल्यांचा तंबूही पडतो. आमचा बोनस बायको सकाळी सव्वादहाला कर्जखात्यात वळवते. मी मोटारसायकलच्या तंबूत जाऊन माहितीपत्रक तेवढं घेऊन येतो. ते फुकट असतं, शंभराला शून्य.

परवा आबांना मी कर्जातली एकुलती एक गोड बातमी सांगितली. कर्ज पूर्ण फिटलं की घराचे मूळ कागद बँकेनं तीस दिवसांत परत द्यायचे. बँकेच्या चुकीनं उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई. रिझर्व्ह बँकेचा नियम आहे, डिसेंबर २०२३ पासून.

आबा ताठ बसले. "दिवसाला पाच हजार? बँक आपल्याला?"

"होय."

त्यांनी डोळे मिटून ओठ हलवले. २७ लाख ७ हजार भागिले पाच हजार. "पाचशे एक्केचाळीस दिवस," ते म्हणाले. "दीड वर्ष कागद सापडले नाहीत तर सगळं व्याज परत!"

तेव्हापासून त्यांना कर्ज फिटेपर्यंत जगायचंय. सकाळच्या पूजेत गणपतीला दुर्वा वाहताना ते बँकेच्या फायली ठेवायच्या खोलीची आठवण काढतात, तिथं ओल असावी, उंदीर असावेत, आणि साहेबांची वारंवार बदली व्हावी म्हणून. बायको म्हणाली, "आबा, मुदतीआधी फेडूलोय आपण. व्याज एवढं भरणारच नाही."

"मग दिवस कमी लागतील," आबा म्हणाले.